वल्हं कुणाच्या हाती?

गेल्या पौष महिन्यात आमच्या बचत गटातल्या आम्ही आठ जणी तीन दिवस घराबाहेर होतो. लग्न नव्हतं, बारसं नव्हतं, माहेरची जत्राही नव्हती. त्यामुळे घरोघरी एकच प्रश्न झाला, "मग जातंय खय आणि कित्याक?"

आम्ही सांगितलं, आपल्याच नद्या बघायला जातोय. सगळे हसले. नदी काय बघायची? रोज तर दिसते. पण खरं सांगायचं तर आम्हाला आमची नदी पुलावरून, एसटीच्या खिडकीतून दिसते. आमच्या आज्या जशी बघायच्या तशी, पाण्यातून, आमच्यातल्या निम्म्या जणींनी कधीच पाहिली नव्हती. म्हणून ठरवलं, जमिनीवर सायकल आणि पाण्यावर होडी. मोटार नको, रिक्षा नको. सोबत एक वही घ्यायची आणि वाटेत भेटेल त्या म्हाताऱ्या बाईला एकच विचारायचं, तुम्ही खाडी कशी ओलांडत होता?

आठ जणींत सहा सायकली होत्या. दोघींना सायकल येत नव्हती, त्या मागे बसल्या. गटात सगळ्यात वयाने मोठ्या, ज्यांना आम्ही काकी म्हणतो, त्या साठीच्या पुढच्या. त्याही मागेच बसल्या होत्या. त्यांची गोष्ट पुढे येणार आहे, म्हणून आधीच सांगून ठेवतोय.

पहिल्या दिवशी सकाळी मालवणहून निघालो आणि तारकर्लीवरून देवबागला गेलो. तारकर्ली या नावातच कर्ली नदी दिसते. ही तीच नदी, जिला वर कुडाळजवळ भंगसाळ म्हणतात. देवबाग म्हणजे जमिनीची एक बारीक पट्टी. एका हाताला समुद्र, दुसऱ्या हाताला कर्लीची खाडी. टोकाला दोघांचा संगम. तिथे होडीवाल्या काकांना विचारलं, सायकली घेऊन पलीकडे कोरजाईला सोडाल का? काका म्हणाले, "सायकली ठेवा आडव्ये. तुम्ही बसा सरळ." तशा आम्ही पलीकडे गेलो. समोर दिसणाऱ्या गावात पोचायला दहा-पंधरा मिनिटं लागली. रस्त्याने तेच गाव गाठायचं तर चौके, धामापूर, नेरूरपारचा पूल, वालावल असा मोठा वळसा. पाण्याची वाट म्हणजे काय, ते त्या दहा-पंधरा मिनिटांत समजलं.

आता थोडा इतिहास सांगतो. कंटाळू नका, हा आपल्याच दाराचा इतिहास आहे.

आज आपण म्हणतो, सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ रोजी रत्नागिरीतून वेगळा झाला. पण त्याच्या कितीतरी आधीपासून हा मुलुख नद्यांनी बांधलेला होता. सह्याद्रीवरून नद्या उतरतात आणि समुद्राला मिळण्याआधी काही कोस खाडी होऊन राहतात. भरतीचं पाणी आत चढतं आणि त्याच्याबरोबर होडी गावाच्या आतपर्यंत येते. डोंगरउतारावर गाडीवाट करणं कठीण, पावसाळ्यात तर अशक्यच. म्हणून भात, नारळ, सोलं, मीठ, सुकी मासळी, सगळं पाण्याने फिरायचं. मंगळूरला १८६५ पासून कौलांचे कारखाने उभे राहिले. पुढे तीच मंगळुरी कौलं गलबतांतून आपल्या बंदरांत उतरली आणि लहान होड्यांतून खाडीकाठच्या घरांवर चढली. ज्या घरात आपण राहतो, त्याचं छप्परसुद्धा पाण्यानेच आलेलं आहे.

राज्यकर्त्यांना ही गोष्ट आधीच कळली होती. शिवाजी महाराजांनी २५ नोव्हेंबर १६६४ रोजी मालवणसमोर कुरटे बेटावर सिंधुदुर्गाचा पाया घातला. तीन वर्षांत किल्ला उभा राहिला. समुद्राच्या खाऱ्या पाण्यात उभ्या असलेल्या या किल्ल्यात गोड्या पाण्याच्या तीन विहिरी आहेत, दूधबाव, दहीबाव आणि साखरबाव. पाणी भरायला बायका होत्या म्हणूनच ही नावं अशी घरगुती पडली असावीत, असं आमच्यातल्या एकीचं म्हणणं. पुरावा काही नाही, पण आम्हाला ते पटलं. त्या किल्ल्यात जायला आजही होडीच लागते.

तिकडे कालावलच्या खाडीवर मसुऱ्याला भरतगड आहे आणि समोरच्या काठावर भगवंतगड. भरतगड वाडीच्या सावंतांनी १७०१ च्या सुमारास बांधला. त्याला शह म्हणून बावड्याच्या पंत अमात्यांनी समोर भगवंतगड उभा केला. मध्ये खाडी. खाडीतून जाणाऱ्या होडीवर दोघांचाही डोळा. १८१८ मध्ये दोन्ही गड इंग्रजांनी घेतले. त्याआधी १८१२ साली वेंगुर्ल्याचं बंदर त्यांच्याकडे गेलंच होतं. पाण्याची वाट ज्याच्या ताब्यात, मुलुख त्याच्या ताब्यात, हे सगळ्यांना माहीत होतं.

इंग्रजांनी मग खाडीवरच्या ये-जा करण्याचा कायदा केला. १८६८ साली मुंबई इलाख्यासाठी तरींचा कायदा आला. तर म्हणजे खाडी ओलांडण्याची ठरलेली जागा आणि तिथली होडी. तर सरकारी झाली, तिचा मक्ता निघू लागला, माणशी, जनावराशी, ओझ्याशी दर ठरला. ज्याने मक्ता घेतला त्याची होडी. तरीवर काम करणारा तो तारी. आपल्याकडे तारी आडनावाची माणसं आहेत, ती याच कामावरून.

मैत्रिणींनो, इथे आमच्या मनात पहिल्यांदा प्रश्न आला. तरीवर सगळ्यात जास्त ये-जा कुणाची होती? आम्ही म्हाताऱ्या बायकांना विचारत गेलो आणि वहीची पानं भरत गेली. डोक्यावर टोपली घेऊन बाजाराला जाणाऱ्या बाया. पलीकडच्या शेतात लावणीला जाणाऱ्या बाया. बाळंतपणाला माहेरी येणाऱ्या लेकी. पलीकडे दिलेल्या मुलीला बघायला जाणाऱ्या आया. सुकतीला खाडीच्या चिखलात उतरून तिसरे, मुळे, कालवं काढणाऱ्या बाया. पुरुषमाणसं निम्मी मुंबईला गिरणीत. घर, शेत, बाजार आणि खाडी बायकांकडे. पण कायद्यातला मक्तेदार पुरुष, तारी पुरुष, आणि होडीवर नाव पुरुषाचं.

वालावलला पहिल्या रात्री एका आजींच्या पडवीत बसलो होतो. त्या म्हणाल्या, "खाडी म्हणजे आमची वाट गो बाय. वाटेक कोण भियाता?" मग जरा थांबून म्हणाल्या, "रातीची मात्र भियाव. तारी झोपलेलो असलो तर हाकारूचा लागा. पलीकडसून हाक पोचली तर पोचली." त्यांच्या थोरल्या बहिणीला रात्री कळा सुरू झाल्या होत्या. घरची माणसं काठावर उभी राहून हाका मारत राहिली. वारा उलटा होता. होडी पहाटे आली. बहीण वाचली, मूल गेलं. आजी हे सांगताना रडल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या की होडी घरासमोरच बांधलेली होती, पण ती दुसऱ्याची, आणि बाईने दुसऱ्याच्या होडीला हात लावायचा नसतो.

आम्ही वहीत ते लिहिलं. त्या रात्री कुणीच फारसं बोललं नाही.

दुसऱ्या दिवशी एकादशी. निम्म्या जणींना उपास. शेंगदाण्याचे लाडू आणि उकडलेली रताळी खाऊन सायकली हाणल्या. वालावलहून नेरूर, तिथून नेरूरपारचा पूल ओलांडून काळसे, धामापूर. चढावावर उतरायचं, सायकल ढकलायची, उतारावर देवाचं नाव घ्यायचं. धामापूरच्या तळ्याकाठी बसून पाय सोडले तेव्हा सायकलीचा विषय निघाला.

आपल्या भागात सायकल कुठून आली? आपल्या डोक्यावरच घाट आहे आणि घाटावर बेळगाव. वेंगुर्ल्याला उतरलेला माल बैलगाड्यांनी घाट चढून बेळगावला जायचा. त्या बेळगावात १८८८ साली लक्ष्मणराव किर्लोस्करांनी सायकलीचं दुकान काढलं. पुढे ज्यांच्या नावाचे नांगर आणि पंप घरोघरी गेले, तेच हे किर्लोस्कर. त्या काळी सायकलीची किंमत सातशे-हजार रुपये, आणि सायकल चालवायला शिकवायचे पंधरा रुपये वेगळे, असं सांगतात. साध्या माणसाच्या हातात ती येणं शक्यच नव्हतं. मग हळूहळू स्वस्त झाली. पोस्टमनकडे आली, मास्तरांकडे आली, पाववाल्याकडे आली. बाईकडे सगळ्यात शेवटी.

आमच्या वहीत गावातली पहिली सायकलवाली म्हणून तीन गावांत एकच उत्तर मिळालं, नर्सबाई. नोकरीसाठी बाहेरून आलेल्या. घरोघर जाऊन लस टोचायची म्हणून त्यांना सायकल होती. "मडमेसारखी जाता" म्हणून पोरं मागे धावायची. आणि आमच्यापैकी ज्यांना सायकल येते, त्या बहुतेक जणी भावाच्या सायकलवर शिकलेल्या. मधल्या दांड्याखालून पाय घालून, कैची मारत, तिन्हीसांजेला कुणी बघत नाही असं पाहून. पडून गुडघे फोडून घ्यायचे आणि घरी सांगायचं, "घसारलंय."

तमिळनाडूत पुदुकोट्टई नावाचा जिल्हा आहे. तिथे १९९१-९२ मध्ये साक्षरतेची मोठी मोहीम चालली होती. त्या वेळच्या कलेक्टर शीला राणी चुंकत यांनी ठरवलं की अक्षरओळखीबरोबर बायकांना सायकलही शिकवायची. शेतमजूर बाया, दगडाच्या खाणीत काम करणाऱ्या बाया, गावातल्या नर्सा, शिक्षिका, सगळ्या शिकायला आल्या. थोड्याच काळात सायकल शिकलेल्या बायकांची संख्या लाखाच्या घरात गेली. लोकांनी टोमणे मारले. बायकांनी ऐकून न ऐकल्यासारखं केलं. त्यांचा हिशेब साधा होता. पाणी, बाजार, मुलं आणि काम, सगळ्याला चालण्यात जाणारा वेळ वाचला. आणि बसची वाट बघावी लागेना. कुणी सोडायला येईल म्हणून थांबावं लागेना.

हे ऐकल्यावर धामापूरच्या तळ्याकाठी आमच्या मागे बसणाऱ्यांपैकी एकीने सायकल मागून घेतली. दोन जणींनी कॅरियर धरला. ती अर्धा फर्लांग गेली आणि झुडपात शिरली. पण गेली. काकी मात्र म्हणाल्या, "माका नको. माझा वाहन वेगळा आसा." आम्हाला तेव्हा काही समजलं नाही.

तिसऱ्या दिवशी द्वादशी. त्या दिवशी कालावलच्या खाडीतून मसुऱ्यापर्यंत होडीने जायचं होतं. गड नदी कणकवलीवरून येते आणि या खाडीने समुद्राला मिळते. निघायची वेळ काकींनी सांगितली. त्यांनी घड्याळ बघितलं नाही, मोबाईल बघितला नाही. तिथी विचारली. ही जुनी रीत तुमच्याही घरी कुणाला तरी ठाऊक असेल. तिथीचा आकडा घ्यायचा आणि त्याची पाऊणपट करायची. जे येईल तितक्या वाजता साधारण भरती पूर्ण. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, द्वादशीला नऊ. त्यानंतर सहा तासांनी सुकती. जागेप्रमाणे थोडं पुढेमागे होतं, पण अंदाज चुकत नाही. अमावास्या-पौर्णिमेला उधाण, अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे पाणी कमी चढतं, कमी उतरतं. ही पाऊणपट ज्या बायकांनी शाळा पाहिली नाही त्यांना तोंडपाठ होती, कारण कालवं काढायला कधी उतरायचं आणि चिखलातून कधी बाहेर पडायचं, हे त्यावर ठरायचं. चुकलं तर जीव जायचा.

तर आम्ही साडेसहाला निघालो, म्हणजे चढत्या पाण्याबरोबर. दोन्ही काठांना कांदळवन. होडीवाले दादा झाडं दाखवत होते. आधार देणाऱ्या वाकड्या मुळांचं ते कांदळ, चिखलातून बोटांसारखी मुळं वर काढणारं ते तिवर, आणि ती चिप्पी. पांढरी चिप्पी २०२० पासून महाराष्ट्राचं राज्य कांदळवृक्ष आहे. याच मुळांत कोळंबी आणि मासळीची पिल्लं वाढतात. कांदळ तोडलं की आधी मासळी जाते, मग काठ जातो.

खाडीत मध्येच बेटं आहेत. आपण त्याला जुवा म्हणतो. हडीजवळ जुवा पाणखोल, मसुऱ्याजवळ खोतजुवा. तिथल्या बायकांचं होडीशी नातं अजून सुटलेलं नाही. नळ, लाइट, शाळा, दवाखाना, सगळ्याची वाट पाण्यावरून.

अर्ध्या वाटेवर काकी होडीवाल्या दादांना म्हणाल्या, "मशीन बंद कर मरे जरा. वल्हा आसा मा?" दादांनी इंजिन बंद केलं. होडीच्या तळाशी पडलेलं वल्हं त्यांनी हसत हसत दिलं. काकी उठल्या. साडीचा पदर खोचला. पाय लावून बसल्या आणि वल्हं पाण्यात घातलं. मैत्रिणींनो, आम्ही ज्यांना दोन वर्षं गटाच्या बैठकीत कोपऱ्यात बसलेल्या बघत होतो, अंगठा उठवताना ज्यांचा हात थरथरायचा, त्या काकींच्या हाताखाली ती होडी बदकासारखी सरळ चालली. पाण्याचा आवाजसुद्धा होईना. दादा बघतच राहिले.

बाराव्या वर्षापासून त्या होडी मारत होत्या. आधी वडलांबरोबर, मग सासरी. पलीकडून गवत आणायचं, भात आणायचं, बाजाराला बाया सोडायच्या. नवरा मुंबईला. तरीचा कागद त्याच्या नावावर, होडी त्याच्या नावावर. तो वारला तेव्हा दिरांनी होडी विकली. त्यांना विचारलंही नाही. पूल झालाच होता, आता होडी कशाला, असं म्हणाले. काकी वल्हं मारता मारता म्हणाल्या, "वल्हा हातात माझ्या, होडी नावार घोवाच्या. माका काय गावला?"

आम्ही पुलांच्या विरुद्ध नाही. पूल झाला म्हणून रात्री कळा लागलेली बाई आज दवाखान्यात पोचते. वालावलच्या आजींची गोष्ट ऐकल्यावर पुलाला नावं ठेवायची आमची हिंमत नाही. वाट बदलतच असते. एके काळी मुंबईला जायचं म्हणजे आगबोटीने. मालवणला बोट खोल पाण्यात उभी राहायची, माणसं लहान होडीतून तिच्यापर्यंत जायची. पावसाळ्यात बोट बंद. पुढे रस्ता सुधारला, एसटी आली, १९८० च्या दशकाच्या अखेरीस कोकणची बोटसेवा थांबली आणि २६ जानेवारी १९९८ रोजी कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर धावू लागली. कुणाला परत बोटीच्या उलट्या नको आहेत. प्रश्न एवढाच की प्रत्येक बदलात जुन्या वाटेवर पोट असलेल्या बाईला काय मिळालं? मक्तेदाराला दुसरा मक्ता मिळाला. होडीवाला मासेमारीला गेला, आता पर्यटकांना फिरवतो. काकींना काय गावलं?

हा प्रश्न फक्त आपल्याकडचा नाही. आमच्यातल्या एकीच्या मुलीने आम्हाला व्हिएतनाम देशाची चित्रफीत दाखवली होती. तिथे मेकाँग नदी समुद्राला मिळताना इतक्या फाट्यांनी पसरते की तिथले लोक तिला नऊ ड्रॅगनांची नदी म्हणतात. भात, नारळ, केळी, मासळी आणि चिखल. बघताना वाटलं, आपलंच गाव. बायका तीन फळ्यांच्या लहान होडीत उभ्या राहून वल्ही मारतात. कान थो शहराजवळ काय रांग नावाचा पाण्यावरचा बाजार भरतो. ज्या होडीत जो माल, तो तिथे उंच काठीला टांगतात. भोपळा टांगलेला दिसला की भोपळे विकायला आहेत असं समजायचं. ओरडायला नको.

सायकलीचाही तिथे मोठा इतिहास आहे. १९५४ साली दिएन बिएन फूच्या लढाईत फ्रेंचांचा पराभव झाला. डोंगरातून सैन्याला तांदूळ पोचवला तो हजारो माणसांनी सायकली ढकलत. एकेका सायकलीवर दोनशे किलोच्या वर ओझं. त्या ओझेकऱ्यांत बायका पुष्कळ होत्या. आणि तिथेही पूल झाले. मी थुआनचा मोठा पूल २००० साली, कान थोचा २०१० साली. त्याआधी तिथे तरी चालायच्या आणि तरीच्या धक्क्यावर फळं, खाऊ विकणाऱ्या बायांची रांग असायची. पुलावर गाड्या थांबत नाहीत. काय रांगचा बाजारही रस्ते सुधारल्यापासून आटत चाललाय. आता तिथे गावांतून सायकलने आणि होडीने पाहुण्यांना फिरवायचा धंदा वाढलाय. हे बघून आम्ही एकमेकींकडे बघितलं. सायकल आपल्याकडे आहे. नदी आपल्याकडे आहे. रस्ता दाखवायला काकी आहेत. मग?

आणि त्यासाठी व्हिएतनामला जायची गरजच नाही. आपल्या वेंगुर्ल्यात मांडवी खाडीवर स्वामिनी बचत गटाच्या नऊ-दहा जणींनी २०१७ साली कांदळवन सफर सुरू केली. त्या वेळी आपल्या जिल्ह्यात सागरी जैवविविधतेचा एक मोठा प्रकल्प संयुक्त राष्ट्रसंघाच्या विकास कार्यक्रमाच्या मदतीने आणि वनखात्याच्या कांदळवन कक्षाबरोबर चालला होता, त्याचा त्यांना हात मिळाला. घरातून मासळी विकणाऱ्या बायका. त्यांनी झाडांची नावं शिकून घेतली, पक्षी शिकून घेतले आणि स्वतः वल्हं हातात घेतलं. पाहुण्यांना त्या स्वतः सांगतात, स्वतः फिरवतात.

आम्ही मसुऱ्याला उतरलो, भरतगडाच्या पायथ्याशी डबे सोडले आणि उतरत्या पाण्याबरोबर परत निघालो. त्या होडीतच गटाची बैठक झाली. पहिल्यांदाच काकी मध्ये बसल्या होत्या. ठराव झाला तो असा. गटाच्या बचतीतून आणि थोड्या कर्जातून एक जुनी होडी घ्यायची. ती कुणाच्या नवऱ्याच्या, दिराच्या, मुलाच्या नावावर घ्यायची नाही. गटाच्या नावावर घ्यायची. माणसं न्यायच्या होडीला मेरीटाईम बोर्डाची नोंदणी आणि तपासणी लागते, ती आधी करायची. लाइफ जॅकेट प्रत्येकीला, पाहुण्यालाही. १७ जुलै १९४७ ला भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली रामदास बोट बुडाली आणि सहाशेहून जास्त माणसं गेली. भर पावसात, गच्च भरलेली. तेव्हापासून पाण्याला गर्दी चालत नाही, हे आपण विसरायचं नाही. जास्त माणसं दिसली तर पैसे परत द्यायचे, पण होडी सोडायची नाही.

हे सगळं सोपं नाही. घरी गेल्यावर दोघींच्या घरी भांडण झालं. एकीच्या सासऱ्यांनी विचारलं, बायका होडी मारणार आणि आम्ही काय करायचं? तिने उत्तर दिलं, "तुम्ही तिथी बघून सांगा." ते हसले. अजून हो म्हणालेले नाहीत. कर्जाचा अर्ज भरलाय. उत्तर यायचंय. होडी मिळेल की नाही, आज छातीठोक सांगता येत नाही.

पण एक काम आजपासून करता येतं, त्याला कर्ज लागत नाही. घराच्या कागदावर बाईचं नाव लागावं म्हणून आपण गावोगाव ग्रामसभेत बसलो. तसंच आता घरात काय काय चालतं ते बघा. सायकल कुणाची म्हणतात? होडी कुणाची म्हणतात? शिलाई मशीनची पावती कुणाच्या नावावर आहे? विचारा, भांडू नका, नुसतं विचारा.

आणि दुसरं, आपल्या गावच्या जुन्या तरीची जागा शोधा. तिथे आता गवत असेल, एखादी पायरी असेल, बांधायचा दगड असेल. गावातल्या सगळ्यात म्हाताऱ्या बाईला तिथे घेऊन जा आणि विचारा, तुम्ही खाडी कशी ओलांडत होता? ती सांगेल ते लिहून ठेवा. भरतगडाचा इतिहास छापलेला मिळतो. काकींचा नाही मिळत.

काकी सध्या दर रविवारी आम्हाला वल्हं मारायला शिकवतात, शेजाऱ्यांच्या होडीत. एकदा होडी गोल गोल फिरली आणि आम्ही घाबरून ओरडलो, तेव्हा म्हणाल्या, "वाटेक कित्या भियातात? वाट आपलीच आसा."

पुढच्या महिन्यात पुन्हा भेटू. तोवर तुमच्या तरीची गोष्ट आमच्याकडे पाठवा.